कळ्यांना हात न लावणारी पिढी

आमच्या पिढीच्या बहुतेक घरांत पुस्तकं मोजकीच असायची. लाल फडक्यात बांधलेलं गुरुचरित्र किंवा ज्ञानेश्वरी, खिळ्याला अडकवलेलं पंचांग, मुलांची क्रमिक पुस्तकं आणि 'श्यामची आई'. गिरगावातली चाळ असो, साताऱ्याकडचा वाडा असो, भुसावळचं रेल्वे क्वार्टर असो की बडोद्या-इंदूरचं मराठी घर असो, यातलं शेवटचं पुस्तक सापडायचंच. कुणाला ते स्नेहसंमेलनात पहिल्या नंबराचं बक्षीस म्हणून मिळालेलं, कुणाला मुंजीत, कुणाला वाढदिवसाला मामाकडून. पुणे विद्यार्थी गृहानं त्याची किंमत वर्षानुवर्षं इतकी कमी ठेवली होती की मुलाला काय द्यायचं हा प्रश्न आला की हात आपोआप तिकडे जायचा. त्यामुळे कित्येक घरांत त्याच्या दोन-दोन, तीन-तीन प्रती असत आणि प्रत्येकीवर वेगवेगळ्या भावंडाचं नाव असे.

पण ते पुस्तक आम्ही आधी ऐकलं, वाचलं नंतर. दिवेलागण झाली, शुभंकरोती आणि पाढे म्हणून झाले की ताई किंवा आत्या पुस्तक घेऊन बसायची. पुस्तकात प्रकरणं नाहीत, रात्री आहेत, एकूण बेचाळीस. म्हणून "आज कितवी रात्र?" हा आमच्या घरातला नेहमीचा प्रश्न होता. वाचता वाचता वाचणारीचा आवाज दाटून यायचा, ती पुस्तक शेजारच्या भावंडाकडे सरकवायची, तेही चार ओळींनंतर थांबायचं. स्वयंपाकघरातून आई म्हणायची, "आता पुरे, उरलेली उद्या." माझ्या वयाच्या कुणाशीही बोला, तपशील बदलतील, पण ही संध्याकाळ त्यांच्याही घरी झालेली असते.

'श्यामची आई' लिहिणारे साने गुरुजी म्हटलं की लोकांना अश्रू आठवतात. शेवटच्या रात्रींनी आम्हांला रडवलं हे खरंच आहे. तरी इतक्या वर्षांनंतर मागे वळून पाहताना वाटतं, त्या पुस्तकानं आमच्या घरांत जे खरोखर रुजवलं ते रडणं नव्हतं. ज्याला बोलता येत नाही त्याच्याकडे लक्ष द्यायची सवय त्यानं लावली. फूल, पाखरू, गाय, दारावरून जाणारी थकलेली म्हातारी, यांच्याकडे पाहायला आम्ही त्या रात्रींमधून शिकलो.

'मुकी फुले' ही तिसरी रात्र घ्या. गावातल्या पोरांमध्ये पूजेची फुलं कोण जास्त जमवतो याची चढाओढ लागते आणि त्या ईर्ष्येत कळ्याच तोडल्या जातात. श्यामची आई त्याला समजावते की कळी झाडावर उमलू द्यावी, आपल्याला मिळावी म्हणून तिला आधीच खुडू नये. गोष्ट एवढीशीच, पण तिचा परिणाम मोठा. त्याआधी आजी सांगायची, संध्याकाळी झाडाला हात लावू नका, झाडं झोपलीत. आम्ही ऐकायचो ते धाकानं. ही रात्र ऐकल्यावर त्यामागचं कारण आमचं आम्हांला कळलं. झाडावरचं फूल आपल्या पूजेच्या ताटासाठी जन्माला आलेलं नाही, त्याचं स्वतःचं एक उमलणं आहे. चाळीच्या गॅलरीत डब्यात लावलेल्या गुलबाक्षीची कळी मोठी होताना बघत थांबणारी मुलं आमच्या पिढीत होती, ती या रात्रीमुळे.

'भूतदया' ही अकरावी रात्र तर आम्ही प्रत्यक्ष जगलो. घरट्यातून पडलेलं पाखराचं पिलू श्याम आणि त्याचं भावंड उचलून आणतात, जपतात, खाऊपिऊ घालायला बघतात, पण ते जगत नाही. मग दोघं त्याला मायेनं पुरतात. आमच्याही घरात फोटोच्या चौकटीमागे चिमण्यांची घरटी असायची आणि दर उन्हाळ्यात एखादं पिलू खाली पडायचंच. कापसाची गादी, बोळ्यानं पाजलेलं पाणी, मांजर येऊ नये म्हणून आळीपाळीनं दिलेला पहारा, आणि बहुतेक वेळा दुसऱ्या दिवशी तुळशीच्या कट्ट्याजवळ खणलेला छोटा खड्डा. मोठी माणसं हसायची नाहीत. त्यांनीही ते पुस्तक वाचलेलं होतं.

या रात्रीत आईनं श्यामला जे सांगितलं ते त्या वयात नीट उमगलं नव्हतं. पाखरावर जसा जीव लावलात तसाच एकमेकांवरही लावा, नाहीतर जगातल्या प्राण्यांवर माया कराल आणि आपल्याच भावंडाशी भांडाल, असा तिच्या बोलण्याचा मथितार्थ. मला वाटतं, गुरुजींचं सगळं बालवाङ्मय या एका विचारावर उभं आहे. निसर्ग, प्राणी, घर आणि मैत्री असे चार कप्पे त्यांनी कधी केले नाहीत. जी माया कळीवर करायची तीच गाईवर, गाईवर करायची तीच भावावर आणि भावावर करायची तीच परक्यावर. सुरुवात कुठूनही करा, पण मधेच थांबू नका.

'मोरी गाय' ऐकताना आमच्यापैकी निम्म्यांच्या घरी गाय नव्हतीच. दूध बाटलीतून यायचं, पहाटे केंद्रावर रांग लावून. तरीही एक दुभतं जनावर घरातल्यांचं कोण असतं आणि ते गेल्यावर घर कसं सुनं होतं, हे त्या रात्रीनं आम्हांला शिकवलं. पुढे सुट्टीत आजोळी गेल्यावर गोठ्यात शिरताना आम्ही आधी गाईला तिच्या नावानं हाक मारायचो. मामी म्हणायची, "शहरातली पोरं, पण जनावराला हात कसा लावावा ते कळतं हो!" ते शिक्षण पालगडच्या त्या गोठ्यातून आलेलं होतं.

पालगड म्हणजे दापोली तालुक्यातलं, डोंगराच्या कुशीतलं गाव. पांडुरंग सदाशिव साने, म्हणजेच साने गुरुजी, यांचा जन्म तिथे 24 डिसेंबर 1899 रोजी झाला. कर्जानं खचत गेलेलं खोताचं घर, आणि त्या घराला सावरणारी आई यशोदाबाई. 1917 च्या नोव्हेंबरात ती गेली तेव्हा मुलगा शिक्षणासाठी दूर होता. पंधरा वर्षांनी, स्वातंत्र्याच्या लढ्यात नाशिकच्या तुरुंगात असताना, 1933 च्या फेब्रुवारीत अवघ्या पाच दिवसांत त्यांनी त्या आठवणींचा मोठा भाग लिहून काढला. तेरा तारखेच्या पहाटे लेखन संपलं. तुरुंगाच्या भिंतीआड बसून इतक्या बारकाव्यानं कळ्या, पाखरं, विहीर, पाऊस आठवणारा माणूस त्या सगळ्याच्या किती जवळ गेला असेल, याचा विचार आता मनात येतो आणि भरून येतं.

घरातल्या मायेबद्दल लिहितानाही गुरुजींचं लक्ष शब्दांपेक्षा हातांकडे असतं. 'पत्रावळ'मध्ये श्यामला पानं नीट टाचता येत नाहीत, ते आलंच पाहिजे असा घराचा आग्रह आणि मग बहिणीकडून शिकणं. 'श्यामचे पोहणे'मध्ये पाण्याला भिऊन माळ्यावर लपलेल्या मुलाला आई शिंपटीनं झोडपते आणि तो पोहून आल्यावर त्याला प्रेमानं दही वाढते. 'आनंदाची दिवाळी'त ती स्वतःसाठी काही न घेता नवऱ्याच्या फाटक्या धोतराऐवजी नवं धोतर आणवते. 'थोर अश्रू'मध्ये आंघोळीनंतर पायाला घाण लागू नये म्हणून हट्ट करणाऱ्या मुलासाठी ती आपलं ओलं लुगडं धोंडीवर पसरते आणि सांगते, पायाला जपतोस तसा मनालाही जप. आमच्या घरांत कुणी कुणाला "माझं तुझ्यावर प्रेम आहे" असं म्हणत नसे. ताटात वाढलेल्या जास्तीच्या तुपात, रात्री उशिरा शिवलेल्या गणवेशाच्या बटणात आणि परीक्षेच्या दिवशी हातावर ठेवलेल्या दह्यात ते ओळखायचं असतं, हे आम्ही याच पुस्तकातून शिकलो.

मैत्रीचं म्हणाल तर तिच्याशिवाय पुस्तकाची मांडणीच उभी राहत नाही. श्याम आपल्या आठवणी एकट्यानं लिहीत बसत नाही, आश्रमात प्रार्थनेनंतर गोविंदा, राम, भिवा अशा सोबत्यांना सांगतो. बऱ्याचशा रात्री सुरू होतात त्या कुणाच्या तरी काळजीनं, थट्टेनं किंवा आग्रहानं. हे गुरुजींच्या आयुष्यातूनच आलेलं होतं. 1924 पासून सहा वर्षं ते अमळनेरच्या प्रताप हायस्कुलात शिक्षक होते आणि तिथल्या छात्रालयात मुलांमध्ये राहत होते. मुलांच्या खोल्या आवरून ठेवणारे, त्यांच्यासाठी हातानं लिहून 'छात्रालय दैनिक' काढणारे शिक्षक. 'धडपडणारी मुले' वाचताना ती धडपड कुठून आली हे समजतं.

आणि मग 'गोड गोष्टी'. शाळेच्या ग्रंथालयाच्या कपाटात या मालिकेचे भाग असायचे, पानं पिवळी पडलेली, कोपरे दुमडलेले. 'खरा मित्र', 'घामाची फुले', 'फुलाचा प्रयोग', 'सोराब नि रुस्तुम'. 'मनूबाबा'मधल्या एकट्या विणकराचं साठवलेलं सोनं चोरीला जातं आणि त्याच्या घरात एक अनाथ पोर येऊन ठाकते. ही जॉर्ज एलियटच्या 'सायलस मार्नर'ची गोष्ट आहे आणि 'दुःखी' ही व्हिक्टर ह्यूगोच्या 'ले मिझराब्ल'ची, हे आम्हांला महाविद्यालयात गेल्यावर कळलं. तोपर्यंत ती माणसं आमचीच झाली होती. परदेशातल्या माणसांचं दुःख गुरुजींनी आमच्या ओसरीवर आणून बसवलं आणि एकदाही ते परकं वाटलं नाही.

मोठेपणी पुन्हा वाचताना 'देवाला सारी प्रिय' ही रात्र मनाला अधिक लागते. लाकडाची मोळी डोक्यावर चढवता न येणारी एक म्हातारी महारीण. आई श्यामला सांगते, जा, तिला हात दे. लोक बोलतील, तर घरी येऊन आंघोळ करशील म्हणून सांग. लहानपणी आम्हांला आईचं मोठेपण दिसलं, मोठेपणी त्या आंघोळीतली मर्यादाही दिसली. पण त्याहून महत्त्वाचं पुढेच घडलं. जो मुलगा ती मोळी उचलायला गेला, त्यानं 1947 च्या मे महिन्यात पंढरपूरला विठ्ठलाचं मंदिर अस्पृश्यांना खुलं व्हावं म्हणून प्राणांतिक उपोषण मांडलं आणि मंदिराचे दरवाजे उघडले. आईनं टाकलेलं पाऊल मुलानं शेवटापर्यंत नेलं. कळीपासून सुरू झालेली माया कुठवर जाते, याचं याहून मोठं उदाहरण आमच्या पिढीपुढे नव्हतं.

1948 च्या 15 ऑगस्टला गुरुजींनी 'साधना' साप्ताहिक सुरू केलं आणि त्यातून ते आपल्या पुतणीला, सुधाला, पत्रं लिहू लागले. 'सुंदर पत्रे' म्हणून ती आजही मिळतात. देशात काय चाललंय, कोणतं पुस्तक वाचलं, आकाश कसं होतं, झाडं कशी बहरलीत, सगळं एका मुलीला, तिला सगळं समजतं असा विश्वास ठेवून लिहिलेलं. आमच्यातल्या अनेकांना वसतिगृहात राहायला गेल्यावर घरून जी पत्रं आली, त्यांची ढब याच पत्रांची होती. वडील अंगणातला आंबा मोहरल्याचं कळवायचे, मांजरीला पिलं झाल्याचं कळवायचे आणि शेवटी एका ओळीत तब्येत जप म्हणायचे. ती पत्रं आमच्या ट्रंकांमध्ये अजून आहेत.

11 जून 1950 रोजी गुरुजी गेले. तीन वर्षांनी आचार्य अत्र्यांचा 'श्यामची आई' चित्रपट आला. वनमालाबाई आई आणि माधव वझे श्याम. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांतलं पहिलं राष्ट्रपती सुवर्णपदक त्याला मिळालं. नंतर शाळाशाळांतून तो दाखवला गेला, पडद्याऐवजी चादर बांधून, मुलांना मैदानात बसवून. गुरुजी गेल्यावर साठ वर्षांनी लेखनाचा हक्क मोकळा झाला आणि आता ते पुस्तक कितीतरी प्रकाशकांकडून निघतं. एस. टी. स्टँडवरच्या दुकानातही ते हमखास दिसतं.

पुस्तक मिळतं, पण संध्याकाळ मिळत नाही, अशी तक्रार माझ्या वयाची माणसं करतात. मला ती पटत नाही. एक रात्र वाचायला फार तर पंधरा-वीस मिनिटं लागतात. आपली नातवंडं बेंगळुरूला असोत, न्यू जर्सीला असोत की शेजारच्या खोलीत असोत, एवढा वेळ मागून घेता येतो, फोनवरूनही घेता येतो. फक्त पुस्तक भेट देऊन थांबू नका, वाचून दाखवा. आणि सुरुवात शेवटच्या आजारपणापासून करू नका. 'मुकी फुले' वाचा, 'भूतदया' वाचा, 'मोरी गाय' वाचा. मुलं प्रश्न विचारतील. पिलू का मेलं, आई का मारते, आंघोळ का करायची? एकेका प्रश्नाला थांबा आणि खरं उत्तर द्या. आमच्या आत्यांनी, तायांनी ते केलं म्हणून आम्ही कळीला हात लावायच्या आधी क्षणभर थांबणारी माणसं झालो. आता वाचून दाखवायची पाळी आपली आहे.