एका भूमिकेची कारकीर्द

नटाच्या कारकिर्दीचा विचार करताना समीक्षा सहसा त्याच्या भूमिका मोजते. भूमिकांगणिक अभिनयसामर्थ्य वाढत जाते, असे त्यामागील गृहीतक असते. वीरा साथीदार यांच्यासंदर्भात ते अपुरे पडते. १३ एप्रिल २०२१ रोजी नागपुरात निधन पावलेल्या या नटाची चित्रपटातील ओळख मुख्यतः एकाच भूमिकेवर उभी आहे : चैतन्य ताम्हाणे यांच्या 'कोर्ट'मधील लोकशाहीर नारायण कांबळे. २०१४ साली व्हेनिसच्या महोत्सवात 'ओरिझाँटी' विभागाचा सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरलेल्या या कृतीला पुढे सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही लाभला.

साथीदार हे आंबेडकरी चळवळीतील कार्यकर्ते आणि 'विद्रोही' या नियतकालिकाचे संपादक. म्हणून 'त्यांनी अभिनय केलाच नाही, ते स्वतःच पडद्यावर होते' असे कौतुकाने म्हणण्याचा मोह होतो. हे कौतुक त्यांचे श्रेय हिरावून घेणारे आहे. कांबळे हे लिहिलेले पात्र आहे. त्याच्या तोंडची गाणी संभाजी भगत यांची आहेत. शिवाय जनसमुदायासमोर आवाज, देह आणि शब्द यांचा मेळ घालणे हेही एक शिक्षणच होय. ते नाट्यविद्यालयात न मिळता चळवळीच्या व्यासपीठावर मिळते, एवढेच.

खरी कसोटी त्यापुढची आहे. आपल्या गाण्याने सफाई कामगाराला आत्महत्येस प्रवृत्त केल्याचा आरोप कांबळेवर आहे. पण खटल्यात बोलतात ते वकील आणि न्यायाधीश, तेही पुष्कळदा इंग्रजीत. शाहिराच्या वाट्याला मोजकी उत्तरे येतात. 'शांतता! कोर्ट चालू आहे' या तेंडुलकरांच्या नाटकातील बेणारेला निदान एक प्रदीर्घ स्वगत लाभले होते. रंगभूमीवर आणि सत्यदेव दुबे यांच्या १९७१च्या चित्रपटातही ती भूमिका सुलभा देशपांडे यांनी केली. कांबळेला स्वगत नाही. स्थिर, दूरस्थ कॅमेरा त्याच्या चेहऱ्याजवळ जाऊन सहानुभूतीही मागत नाही. गाण्यात देह उधळून देणाऱ्या माणसाने न्यायालयात तोच देह आवरून धरावा, ही या भूमिकेची मागणी आहे. साथीदार ती पुरी करतात, आणि त्या आवरण्यातच गाण्याचा ताण जाणवत राहतो.

अखेरीस कांबळे कोठडीत राहतो, न्यायालयाला सुट्टी लागते आणि चित्रपट न्यायाधीशांच्या सहलीबरोबर निघून जातो. प्रमुख नट पडद्यावर नसतानाही त्याची अनुपस्थिती प्रेक्षकाला छळते. 'बिगर-व्यावसायिक नट' या संज्ञेत हे कर्तृत्व मावत नाही. संज्ञाच तपासून घ्यावी लागेल.