मौनावरचा उपाय

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपल्या घरांतील वडीलधारी मंडळी सांगत आली आहेत. भाऊबंदकीच्या दाव्यांत ज्यांनी पिढ्या झिजताना पाहिल्या, त्यांना ते पटणारच. परंतु सरकारी दप्तरात अडकलेल्या अर्जाला ही म्हण लागू पडत नाही, असे अनुभवांती मला वाटते.

वडिलांच्या निधनानंतर सातबाऱ्यावर आईच्या व आम्हा भावंडांच्या नावे वारसनोंद व्हावी, म्हणून आम्ही अर्ज केला. चुलत्यांनी हरकत घेतली. तो त्यांचा हक्कच होता. सुनावणी झाली, प्रकरण निर्णयासाठी राखून ठेवले गेले आणि सोळा महिने तसेच पडून राहिले. उताऱ्यावर नाव नाही, म्हणून आईला सोसायटीचे पीककर्ज मिळेना. निर्णय विरुद्ध गेला असता, तर महसूल संहितेप्रमाणे साठ दिवसांत अपील करता आले असते. नकाराविरुद्ध अपील असते. मौनाविरुद्ध कसले अपील करणार?

वकिलांनी क्रमाने वाट दाखविली. विलंबास प्रतिबंध करणाऱ्या राज्याच्या २००५ च्या अधिनियमानुसार कोणतीही फाइल एका कर्मचाऱ्याकडे सर्वसाधारणपणे कामकाजाच्या सात दिवसांहून अधिक काळ राहू नये. त्याचा उल्लेख करून आम्ही लेखी स्मरणपत्र दिले व पोच घेतली. माहितीच्या अधिकारात फाइल कोठे आहे, हेही विचारले. तरीही काही हालले नाही, तेव्हा संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल केली. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सर्किट बेंच भरत असल्याने मुंबईचे हेलपाटे वाचले.

आमची मागणी एवढीच होती, की निर्णय द्यावा. न्यायालयाने वारस कोण, हे ठरविले नाही. आठ आठवड्यांत कारणांसह निर्णय द्यावा, असा आदेश दिला. कायद्याच्या भाषेत हाच परमादेश. तो न पाळणे म्हणजे न्यायालयाचा अवमान.

मुदतीत निर्णय आला व नोंद मंजूर झाली. चुलत्यांनी अपील केले असून ते चालू आहे. मध्यंतरी एका लग्नात भेटले, तेव्हा ते म्हणाले, “तुमच्यामुळे मलाही एकदाचे उत्तर मिळाले.” आईची काळजी अद्याप मिटलेली नाही; पण आता पुढची तारीख तिला ठाऊक असते. वाचकांना एवढेच सुचवावेसे वाटते, की प्रत्येक अर्जाची पोच जपून ठेवावी. उच्च न्यायालयासमोर आमचा मुख्य पुरावा तोच होता.