सण आला, पण उतरला नाही

चांदरातीला आमच्या घरात कुणाला कोशात डोकं घालून बसायला सवड नसते. तरी त्या रात्री मी बसलो होतो. निमित्त मुलीचं. तिच्या इंग्रजीच्या पुस्तकात 'इन्फेस्टेड' असा शब्द आला होता. उंदीर, किडे, डास यांनी भरून गेलेलं, असा त्याचा अर्थ मला माहीत होता. पण बापाला एखादी गोष्ट माहीत असली, तरी पोरीसमोर कोश उघडून दाखवायची हौस असते. जुन्या बाजारात घेतलेला वेबस्टरचा कोश आहे माझ्याकडे, १९१३ च्या आवृत्तीवरून छापलेला. बांधणी निखळलेली, पण पानं शाबूत. मी मराठी-उर्दूचा मास्तर, बी.एड. केलेला. इंग्रजी माझी पोटापुरतीच. पण कोश वाचायला भाषा यावी लागत नाही, वेळ यावा लागतो.

'इन्फेस्ट'च्या खाली दोन-चार ओळींवर एक शब्द दिसला. इन्फेस्टिव्ह.

मला वाटलं, हाही किडामुंग्यांचाच भाऊ असणार. तर नाही. अर्थ दिला होता तो असा : ज्यात हर्ष नाही, सणासुदीचा भाव नाही, निस्तेज, उदासवाणं, ओकंबोकं. पुढे कोशकाराने खूण केली होती की शब्द दुर्मीळ आहे. मग लक्षात आलं. 'फेस्टिव्हल'मधला जो 'फेस्टिव्ह', त्याच्या मागे नकाराचा 'इन' लावलाय. लॅटिनमध्ये फेस्टिवुस म्हणजे सणासुदीचं, आनंदी. इन्फेस्टिवुस म्हणजे तसं नसलेलं. आणि किडेवालं 'इन्फेस्ट' आलंय इन्फेस्टुस या दुसऱ्याच शब्दावरून, त्याचा अर्थ वैरी, हल्लेखोर. दिसायला जुळे, पण घराणी वेगळी.

हा शब्द इंग्रजीत का जगला नाही, याचा मी माझ्यापुरता अंदाज केला. एक तर शेजार वाईट. 'इन्फेस्टिव्ह' म्हटलं की ऐकणाऱ्याला ढेकूण आठवणार. दुसरं, त्या कामाला इंग्रजीकडे घरचे शब्द होतेच, शेपटीला 'लेस' लावून केलेले. चिअरलेस, जॉयलेस, मर्थलेस. चिअरलेस असते खोली, किंवा हवा. जॉयलेस असतो संसार. मर्थलेस बहुतेक वेळा हसूच असतं : तोंड हसतं, आत काही नसतं. मग इन्फेस्टिव्ह कशाला म्हणायचं? मी ठरवून टाकलं, की ज्या दिवशी सण असतो आणि तरीही नसतो, त्या दिवसाला. हा भेद माझा आहे, कोशाचा नाही. इंग्रजीच्या सरांनी कान धरला तर मी सोडवून घेणार नाही.

शब्द चिठ्ठीवर लिहून खिशात टाकला आणि खारका चिरायला गेलो.

दुसऱ्या दिवशी ईद. अब्बा गेल्यानंतरची दुसरी. पहिली ईद घरभर रडण्यातच गेली होती. पाहुणे येत, अम्मीच्या गळ्यात पडत, अब्बांची आठवण काढत. शिरखुर्म्याच्या वाट्या तशाच गार होत. ती ईद दुःखाची होती, पण तिला ओकीबोकी म्हणता येणार नाही. उलट ती भरलेली होती. माणसांनी, हुंदक्यांनी, अब्बांच्या गोष्टींनी.

दुसऱ्या ईदला सगळं जागच्या जागी होतं. ईदगाहवरून आलो तर दस्तरखान अंथरलेला, पोरांच्या अंगावर नवे कपडे, अत्तराचा वास. अम्मीने पहाटे उठून शेवया तुपात भाजल्या होत्या, दूध आटवलं होतं. चारोळी, खसखस, बदाम, सगळं नेहमीच्या मापाने. पहिली वाटी नेहमीसारखी मला दिली. मी म्हटलं, "अम्मी, तुम चखे क्या? कैसा हुआ?"

ती म्हणाली, "चखी ना. मीठा है."

बस्स. मीठा है. आता तुम्ही म्हणाल, यात काय विशेष? पण माझी अम्मी शिरखुर्म्याबद्दल दोन शब्दांत बोलणारी बाईच नव्हती. शेवया जरा जास्त तांबूस झाल्या, खारीक कोवळी भिजली नाही, दूधवाल्याने यंदाही पाणी घातलं, सुनेने साखर हात सैल सोडून टाकली, हे सगळं ऐकल्याशिवाय आमच्या घरात ईदची वाटी कधी रिकामी झाली नव्हती. त्या दिवशी ती नुसती माहिती देत होती. पत्ता सांगावा तसं : मीठा है. मग पोरांना ईदी वाटली, नव्या करकरीत नोटांची, आणि खिडकीपाशी जाऊन बसली. रडत नव्हती. काहीच करत नव्हती.

खिशातली चिठ्ठी माझ्या हाताला लागली. शब्द आणि गोष्ट एकाच दिवसात समोर आली होती. तरी मी दोन्ही जोडले नाहीत. नवा शब्द मिळाल्याच्या खुशीतच होतो.

आता ज्यासाठी हे लिहायला बसलो ते सांगतो. अम्मीच्या त्या अवस्थेला आमच्या घरात एक शब्द आधीच बहाल झाला होता. सब्र. इद्दतीचे चार महिने दहा दिवस संपले, त्यानंतर ती बोलायची कमी झाली, रडायची थांबली, कशाची तक्रार करेनाशी झाली. नमाज वेळेवर, स्वयंपाक वेळेवर. मोहल्ल्यातल्या बायका म्हणत, "कितना सब्र है!" मीही म्हणायचो. शिक्षकांच्या खोलीत मी एकदा सहकाऱ्यांना सांगितलं होतं की सब्र म्हणजे काय ते माझ्या आईकडून शिकावं. दीड वर्ष आम्ही तिच्या आजाराची तारीफ करत होतो.

मास्तर असून हे चुकलं. आणि मास्तर असल्यामुळेच चुकलं, असंही मला आता वाटतं. शाळेत विरुद्धार्थी शब्द शिकवताना फळ्यावर एक जोडी हमखास असते : आनंद आणि दुःख. वीस वर्षं मी ती लिहीत आलोय. एकदा सहावीतल्या एका पोराने आनंदाच्या समोर लिहिलं होतं, 'आनंद नाही'. मी लाल फुली मारली. वर्गात वाचूनही दाखवलं, पोरं हसली. आता वाटतं, बरोबर लिहिलं होतं त्याने. दुःख ही एक गोष्ट आहे, तिला वजन असतं. आणि आनंद नसणं ही दुसरीच. तिला वजन नसतं, म्हणून ती दिसत नाही. अम्मीच्या डोळ्यांत पाणी नव्हतं, म्हणजे दुःख नव्हतं. दुःख नव्हतं, म्हणजे ती ठीक होती. फळ्यावरचं गणित मी घरी आणलं होतं.

आपल्या भाषांत शब्द नाहीत असं मुळीच नाही. मराठीतलं 'करमत नाही' घ्या. ते इंग्रजीत कसं सांगायचं मला अजून सुचलेलं नाही. त्यात 'मला दुःख झालंय' असं कुणी म्हणत नाही; मनाला बसायला जागा सापडत नाही, एवढंच. 'विरस' घ्या : रस होता, तो निघून गेला. 'उदास' हा तर आपण रडवेल्या माणसाला चिकटवून टाकला, पण त्याच्या घरातलाच 'उदासीन' पाहा. मूळ अर्थ, बाजूला बसलेला. खिडकीपाशी बसलेली अम्मी.

उर्दूत 'बेकैफ' आहे. कैफ म्हणजे धुंदी, लज्जत. मराठीने तो घेतला, पण नशेपुरता. कैफ चढतो, कैफात माणूस बोलतो. त्याचीच बहीण 'कैफियत' आपण कचेरीत नेऊन बसवली. तिथे ती अजून मांडली जाते. 'बेकैफ' मात्र या बाजूला आलाच नाही. 'मजा' आली, फारसीतून, तिकडे तिचा अर्थ चव. म्हणून 'बेमजा' म्हणजे शब्दशः बेचव. अम्मीला शिरखुर्मा गोड लागत होता. मजा लागत नव्हती. जीभ शाबूत होती, आतलं काहीतरी गेलं होतं.

इतके शब्द हाताशी, आणि आम्ही उचलला तो सब्र. कारण त्यात इज्जत होती.

पुढे दोन-तीन महिन्यांनी अम्मीचं वजन फार उतरलं तेव्हा आमच्या नेहमीच्या डॉक्टरांनी रक्त तपासलं, काही निघालं नाही, आणि त्यांनी मानसोपचारतज्ज्ञाकडे धाडलं. त्या बाईंनी अम्मीला 'वाईट वाटतं का' असं विचारलंच नाही आधी. विचारलं, "खाला, अखेरची कधी एखादी गोष्ट आवडली होती?" अम्मीने खूप विचार केला. मग म्हणाली, "याद नै आता." मला ते ऐकून जे झालं ते लिहिता येणार नाही.

डॉक्टरीणबाईंनी मला नंतर समजावलं. नैराश्य ओळखताना दोन गोष्टी मुख्य धरतात. एक म्हणजे सतत खिन्न वाटणं. दुसरी, कशातही गोडी न उरणं. दोन्ही असायलाच हव्यात असं नाही. एकीवरूनही, बाकीची लक्षणं जुळली तर, निदान होतं. या दुसरीला त्यांच्यात 'अॅनहेडोनिया' म्हणतात. माझा कोशाचा किडा जागा झाला. घरी येऊन शोधलं. ग्रीक शब्द जोडून हा केला रिबो नावाच्या फ्रेंच मानसशास्त्रज्ञाने, १८९६ साली. विल्यम जेम्सने १९०२ च्या आपल्या धर्मानुभवांवरच्या ग्रंथात तो वापरला. त्याचं विशेषण अॅनहेडॉनिक. म्हणजे एक शब्द सणाचा आणि एक दवाखान्याचा, आणि माझ्या आईला दोन्ही लागू.

नातेवाइकांत कुरकुर झालीच. मामूंनी फोनवर सुनावलं, पाच वक्त नमाजी बाईला डिप्रेशन कसलं, ईमान असलं की हे होत नाही. मी मोठ्यांना उलट बोलत नाही, पण त्या दिवशी बोललो. म्हटलं, मामू, इमाम गझालींचं ईमान कमी होतं का? १०९५ साली बगदादच्या निजामियात शिकवत असताना त्यांची जीभ अडली. वर्गात उभे राहत आणि शब्द फुटत नसे. अन्न उतरेना. हकिमांनी हात टेकले, म्हणाले, ही बाब काळजावर उतरलीय. हे त्यांनी स्वतः आत्मकथेत लिहून ठेवलंय. त्यांचा पेच निराळा होता, अम्मीचा निराळा, पण त्यांनी ते लपवलं नाही, एवढं तरी घ्या. आणि सब्र म्हणाल, तर हजरत याकूबपेक्षा मोठा सब्र कुणाचा? कुरआनात तेच सुंदर सब्र म्हणतात, आणि त्याच सूरेत मुलासाठी झुरून त्यांचे डोळे पांढरे होतात. सब्र करणारा माणूस रडतो, मामू. अम्मी रडत नव्हती.

मामू म्हणाले, "तू बहुत पढ गया." आणि फोन ठेवला. पण पुढच्या महिन्यात स्वतः येऊन अम्मीला दवाखान्यात घेऊन गेले. असो.

गोळ्या सुरू झाल्या. गुण यायला काही आठवडे लागतील, मध्येच सोडायच्या नाहीत, अशी ताकीद होती. आणखी एक सांगितलं होतं ते मला फार पटलं : गोडी वाटेल तेव्हा करेन म्हणून थांबायचं नाही. आधी थोडं थोडं करायचं, गोडी मागून येते, आली तर. म्हणून नातीबरोबर रोज संध्याकाळी कोपऱ्यापर्यंत चक्कर. कुंडीतल्या पुदिन्याला पाणी. अम्मी करायची, हुकूम पाळावा तशी. चक्कर मारून आली की विचारायचो, कैसा लगा? "लगा." एवढंच. कित्येक दिवस एवढंच.

ईद हा शब्द अरबीतल्या 'परत येणे' या धातूवरून आला असं आम्हाला शिकवलेलं. जी फिरून येते ती ईद. मराठीतला 'सण' संस्कृतातल्या 'क्षण'वरून आलाय, आणि संस्कृतात क्षण म्हणजे उत्सवही. दोन्ही शब्द मी वर्गात शेजारी शेजारी लिहितो. पोरांना गंमत वाटते.

या वर्षीची ईद तिसरी. पहाटे मी स्वयंपाकघरात गेलो तर शेवया बायकोने भाजल्या होत्या, अम्मी नुसती पाटावर बसून होती. मी आशा धरली नव्हती. वाटी तिच्या हातात दिली. तिने एक चमचा घेतला, थांबली, दुसरा घेतला. मग माझ्या बायकोकडे बघून म्हणाली,

"खारीक रात कूच भिगोना बोली थी ना मैं? पत्थर हैं पत्थर."

बायको काही बोलली नाही. पदराने डोळे पुसून तिने खारकांचं पातेलं पुढे ओढलं, आणि अम्मी पुढची पाच मिनिटं दूधवाल्याबद्दल बोलत राहिली.