जुने खेळ, नवे यंत्र आणि अदत्तादान

१९९० नंतरच्या दशकात ज्यांचे बालपण गेले, त्यांच्या घरी दूरचित्रवाणी संचाला जोडायची एक पांढरट पेटी असे. तिला कोणी कंपनीचे नाव घेऊन ओळखत नसे. ‘व्हिडिओ गेम’ एवढेच तिचे नाव. खेळाचा जो चौकोनी तुकडा तिच्यात बसवायचा, त्याला सर्वत्र ‘कॅसेट’ म्हणत, जरी त्यात फीत कधीच नव्हती. कॅसेट चालली नाही की ती काढून तिच्या उघड्या टोकावर फुंकर मारायची, ही विद्या न शिकविता प्रत्येक मुलाला अवगत होती. वास्तविक फुंकरीने काही साधत नसे. कॅसेट दुसऱ्यांदा नीट बसल्यामुळे संपर्क जुळत असे, आणि श्वासातील ओलाव्याने आतील धातू मात्र गंजत असे.

ती मुले आज दुकानाच्या गल्ल्यावर बसतात. दिवाळीच्या सुट्टीत आपल्या मुलांना मारिओ दाखवावा असे त्यांना वाटते. पण माळ्यावरची पेटी आता चालू होत नाही, आणि झाली तरी नव्या टीव्हीला तिची जुनी वायर जुळत नाही. मग संगणकावर एम्युलेटर बसविण्याचा विचार घरात येतो. काम अवघड नाही, खर्च जवळपास शून्य आहे. ज्या एका प्रश्नाशी मात्र हे सारे येऊन थांबते, तो यंत्राचा नसून श्रावकाच्या व्रताचा आहे.

आधी यंत्राविषयी. निन्टेन्डो या जपानी कंपनीचा ‘फॅमिली कॉम्प्युटर’ जुलै १९८३ मध्ये बाजारात आला. त्याच्या प्रोसेसरचा वेग सुमारे १.७९ मेगाहर्ट्झ आणि कामाची स्मृती अवघी २ किलोबाइट होती. १९८५ चा ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ हा संपूर्ण खेळ, त्यातील चित्रांसह, ४० किलोबाइटमध्ये मावला. आज मोबाइलवरून पाठविलेले एका बिलाचे छायाचित्रही याच्या कितीतरी पट मोठे असते. हा खेळ त्या विशिष्ट चिपच्या भाषेत लिहिलेला असल्यामुळे आजच्या संगणकाला तो थेट समजत नाही. एम्युलेटर ही अशी प्रणाली, जी संगणकात राहून त्या जुन्या प्रोसेसरचे, चित्र काढणाऱ्या चिपचे आणि आवाजाचे सोंग वठविते. आपण परक्या घरी चाललो आहोत, हे खेळाला कळतच नाही.

हे सोंग हुबेहूब वठविणे किती कष्टाचे आहे, हे पाहण्याजोगे आहे. निन्टेन्डोच्याच १९९० च्या ‘सुपर फॅमिकॉम’मधील प्रोसेसर जास्तीत जास्त ३.५८ मेगाहर्ट्झने चाले. परंतु ‘बीएसनेस’ या अत्यंत काटेकोर एम्युलेटरच्या कर्त्याने २०११ मध्ये लिहिले की, त्याची अचूक नक्कल करण्यास ३ गिगाहर्ट्झच्या आसपासचा संगणक लागतो. मूळ यंत्रात अनेक चिप एकाच वेळी, प्रत्येक आपापल्या ठेक्यात काम करीत. नक्कल करणाऱ्या प्रणालीला मात्र त्या सर्वांची नोंद एकटीने ठेवावी लागते. एका मुनिमाने चार खातेवह्या एकदमच लिहाव्यात आणि दर नोंदीला चारही ताडून पाहाव्यात, तसे हे काम आहे. साधे एम्युलेटर दिवसाअखेर ताळा घेतल्यासारखे अधूनमधून मेळ घालतात. बहुतेक खेळ तेवढ्यावर चालतात. काही थोडे खेळ मात्र त्या सूक्ष्म वेळेवरच बेतलेले असतात, ते अडखळतात.

घरगुती मांडणीस फार काही लागत नाही. ‘रेट्रोआर्क’ ही मोफत प्रणाली एखाद्या पेढीसारखी आहे. तिच्या छपराखाली निरनिराळ्या यंत्रांची नक्कल करणारे ‘कोर’ बसतात. केवळ जुन्या निन्टेन्डोसाठी ‘मेसेन’ उत्तम. यूएसबीचा कंट्रोलर घ्यावा, कीबोर्डवर या खेळांची खरी गंमत येत नाही. जुना पडदा चारास तीन प्रमाणाचा होता, म्हणून चित्र तसेच ठेवावे. रुंद टीव्हीभर ताणले की मारिओ विनाकारण लठ्ठ दिसतो. टीव्हीवर ‘गेम मोड’ असल्यास तो चालू करावा, नाहीतर बटण दाबल्यापासून उडी दिसेपर्यंत जाणवण्याइतका उशीर होतो. खेळ मागे फिरवून चूक दुरुस्त करण्याची सोयही बहुतेक एम्युलेटरमध्ये आहे. मुलांना ती अतिशय आवडते. ती बंद ठेवणे बरे, कारण हरल्याशिवाय हे खेळ शिकताच येत नाहीत.

आता खेळाची फाइल कोठून आणायची? बहुतेक घरांत याचा विचारच होत नाही. नाव शोधले, उतरवून घेतले, खेळ सुरू झाला. येथेच तिसऱ्या अणुव्रताचा संबंध येतो. न दिलेले घेणे ते अदत्तादान, ही चोरीची व्याख्या पाठशाळेतील मुलालाही ठाऊक असते. तत्त्वार्थसूत्राने या व्रताचे जे पाच अतिचार सांगितले, ते तर जणू व्यापाऱ्याला समोर बसवूनच सांगितले आहेत. स्वतः चोरी न करता चोरून आणलेला माल घेणे हे तदाहृतादान. राज्याचा नियम ओलांडून व्यवहार करणे हा विरुद्धराज्यातिक्रम. अस्सलाच्या नावावर नकली माल खपविणे हा प्रतिरूपकव्यवहार. कोणा अनोळखी माणसाने परवानगीवाचून चढविलेली फाइल आपण उतरवून घेतली, तर ती पहिल्या दोहोंत बसते.

एम्युलेटर स्वतः मात्र निर्दोष आहे. कनेक्टिक्स या कंपनीने सोनीच्या प्लेस्टेशनची आतील प्रणाली अभ्यासून आपला एम्युलेटर लिहिला, तेव्हा सोनीने दावा लावला. २००० मध्ये अमेरिकेच्या अपील न्यायालयाने तो अभ्यास न्याय्य वापर ठरविला. पुढे २०१८ मध्ये सोनीने जुन्या खेळांचे छोटे ‘प्लेस्टेशन क्लासिक’ विकायला काढले, त्यात चालणारा एम्युलेटर इतरांनी लिहिलेला, सर्वांसाठी खुला असलेलाच होता. भारतातही १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचे ५२ वे कलम, कायदेशीरपणे मिळालेल्या प्रतीवरून स्वतःच्या व्यापारेतर वापरासाठी संगणक-प्रणालीची प्रत करण्यास मुभा देते. म्हणजे आपल्या मालकीच्या अस्सल कॅसेटवरून आपल्यापुरती प्रत काढणे यात बाधा दिसत नाही. प्लेस्टेशनच्या एम्युलेटरला जी ‘बायोस’ फाइल लागते तिचेही तसेच. ती सोनीची मालमत्ता आहे, म्हणून आपल्याच यंत्रातून काढलेली असावी.

माळ्यावरच्या कॅसेटची अडचण याच ठिकाणी उभी राहते. ‘एकात ९९९९ खेळ’ असे ठळक छापलेली ती पिवळी कॅसेट अस्सल नव्हतीच. तिच्यात मोजके खेळ नावे व टप्पे बदलून पुन्हा पुन्हा भरलेले असत, आणि त्यांच्या कर्त्यांना त्यातला एक पैसाही पोहोचत नसे. ज्या वडिलांनी ती रोख पैसे मोजून, निर्मळ मनाने घेतली, त्यांना दोष देण्याचे कारण नाही. त्या काळी दुकानात दुसरे काही मिळणेच दुर्मीळ होते. तरीही ज्याचा स्वतःचाच हक्क नव्हता त्याच्याकडून घेणाऱ्याला हक्क मिळत नाही, हे तारण म्हणून आलेले दागिने पाहणाऱ्या प्रत्येक पेढीला माहीत असते. त्या कॅसेटवरून प्रत काढून ‘आमचीच तर होती’ म्हणता येणार नाही.

यावर तरुण मुले एक प्रश्न विचारतात, आणि तो उडवून लावण्यासारखा नाही. खेळ कोणी विकतच नसेल, तर प्रत घेतल्याने कोणाचे काय गेले? अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार, त्या देशात निघालेल्या जुन्या खेळांपैकी ८७ टक्के आज बाजारात उपलब्ध नाहीत. चिप आणि तबकड्या दरवर्षी खराब होत आहेत. प्रती काढणारे नसते, तर त्यांतील कितीतरी खेळ नामशेष झाले असते.

जैन समाजाला या प्रश्नाची धार विशेष जाणवावी. मूडबिद्रीच्या बसदीत धवला टीकेची ताडपत्रे शतकानुशतके कुलुपात होती. दर्शन होई, वाचन होत नसे. विसाव्या शतकात डॉ. हिरालाल जैन यांनी अमरावतीहून षट्खंडागम धवलेसह संपादित केला, १९३९ मध्ये पहिला भाग निघाला आणि पुढील सुमारे वीस वर्षांत सोळा भाग पूर्ण झाले. त्या कामाचा आरंभ ज्या प्रतींवरून झाला, त्यांचे मूळ मठाच्या परवानगीवाचून गुपचूप बाहेर आलेल्या एका प्रतीत होते. पुढे मूडबिद्रीच्या व्यवस्थापकांनीही पाठ मूळ ताडपत्रांशी ताडून पाहण्यास सहकार्य केले. ती प्रत बाहेर आली नसती तर काय झाले असते, याचा विचार करताना आजही व्रताचा काटेकोर अर्थ सांगणारे विद्वान क्षणभर थांबतात.

सिद्धांतग्रंथ आणि मनोरंजनाचा खेळ एका पारड्यात घालता येत नाहीत, हे उघड आहे. तरी त्या उदाहरणातून एक फरक स्पष्ट दिसतो. तेथे प्रत काढणाऱ्यांनी ग्रंथ वाचविला, मुळाशी ताडला आणि सर्वांसाठी खुला केला. खेळांच्या बाबतीत हे काम संग्रहालये आणि अभ्यासक करीत आहेत, आणि कायद्याने त्यांना अधिक मोकळीक द्यावी ही मागणी रास्त आहे. रविवारी दुपारी दोन तास करमणूक व्हावी म्हणून हजार खेळ एका झटक्यात उतरवून घेणारा माणूस काही वाचवीत नसतो. त्यातील नऊशे नव्वद तो कधी उघडणारही नसतो; म्हणजे तिसऱ्या व्रताबरोबर पाचव्याचाही, परिग्रह-परिमाणाचाही, प्रश्न आलाच.

दिलेले घ्यायचे म्हटले तरी हात रिकामा राहत नाही. जुन्या यंत्रांसाठी आजही नवे खेळ लिहिणारे लोक आहेत. ‘टोबू टोबू गर्ल’ हा गेम बॉयसाठीचा २०१७ चा खेळ त्याच्या कर्त्यांनी सर्वांना मोफत दिला आहे. आपले मांजर परत आणण्यासाठी एक मुलगी उड्या घेत आकाशात चढते. ‘मायक्रो मेजेस’ हा २०१९ चा खेळ जुन्या मारिओसारखाच ४० किलोबाइटमध्ये बसविलेला असून त्याची फाइल कर्ते स्वतः विकतात. चौघांना एकत्र खेळता येतो. मात्र त्यात राक्षसांवर मारा करायचा असतो. पिठाचा कोंबडा बळी दिल्यामुळे यशोधर राजाला किती जन्म भोगावे लागले, ही कथा ज्या घरात सांगितली जाते, तेथे असा खेळ मुलाच्या हाती देण्यापूर्वी मोठ्यांनी तो एकदा पाहावा हे बरे. भावहिंसेची चर्चा त्या निमित्ताने जेवणाच्या ताटावर होते, आणि मुले त्यात मोठ्यांपेक्षा सूक्ष्म मुद्दे काढतात.

परदेशी राहणाऱ्या काकांनी किंवा मामांनी आणलेली गेम बॉयची अस्सल कॅसेट मात्र काही घरांत असते. तिची प्रत काढण्यासाठी संगणकाला यूएसबीने जोडायचे छोटे वाचक-यंत्र मिळते. खेळाबरोबर त्यातील साठविलेली प्रगतीही ते उतरवून घेते. ज्या कॅसेटमध्ये प्रगती साठत असे, त्यांपैकी अनेकींत नाण्याएवढी एक बॅटरी डाग देऊन बसविलेली असते, आणि पंचवीस-तीस वर्षांनी ती संपत आलेली असते. दुरुस्तीवाल्याकडे नेण्याआधी साठविलेली फाइल संगणकावर उतरवून ठेवावी. जुनी बॅटरी निघाली की त्या चिपमधले, वडिलांनी दहाव्या वर्षी स्वतःचे नाव घालून जपलेले सारे पुसले जाते.