जुने नांदेड पायी पाहताना

१/
नांदेडात पाहुणा उतरला की यजमानाच्या घरातल्या कोणाला तरी वाटाड्या व्हावे लागते. फेरी ठरलेली असते: सचखंड गुरुद्वारा, गोविंदबागेतला लेझर शो आणि वेळ उरला तर विष्णुपुरीचे धरण. दोन-तीन तासांत नांदेड 'पाहून होते'. या फेरीतून जे वगळले जाते, तेच शहर सर्वांत जुने आहे. हा धागा त्या वगळलेल्या नांदेडविषयी.

२/
वगळण्याला कारणही आहे. इतवारा, गाडीपुरा, सराफा, जुना मोंढा या भागांत पाहण्यासारखे काय आहे, असे नांदेडकरच विचारतो. छत्रपती संभाजीनगरात दरवाजे आहेत, औसा आणि कंधार येथे भक्कम किल्ले आहेत. इथे मात्र सिमेंटची दुकाने, विजेच्या तारा आणि वाहनांची कोंडी. प्रश्न रास्त आहे. पण इमारतींकडे पाहून त्याचे उत्तर मिळत नाही.

३/
आधी शहराचे वय. वाशीम येथे सापडलेला वाकाटक राजा दुसरा विंध्यशक्ती याचा ताम्रपट इ.स.च्या चौथ्या शतकातला. त्यात 'नांदीकट' या प्रदेशाचा उल्लेख येतो आणि अभ्यासक त्याची ओळख नांदेडशी पटवतात. म्हणजे सोळाशे वर्षांहून अधिक काळ हे नाव गोदावरीच्या काठी टिकून आहे. वाकाटकांच्या काळातली घरे राहिली नाहीत, नाव राहिले. जुन्या नांदेडच्या वाटेवर ही खूण वारंवार भेटते.

४/
म्हणून पहिला धडा पाट्या वाचण्याचा. सिद्धनाथपुरी, ब्रह्मपुरी ही नावे संस्कृत वळणाची. वजिराबाद फारसी वळणाचे. शहीदपुरा शिखांच्या आठवणीतले. इतवारा म्हणजे रविवारचा बाजार, आणि मोंढा हा धान्यबाजारासाठी मराठवाड्याचा स्वतःचा शब्द. रिक्षावाला ही सगळी नावे एका दमात उच्चारतो. एवढे राज्यकर्ते, एवढ्या भाषा या भागातून गेल्या, याचा सर्वांत सुलभ पुरावा त्याच्या तोंडी असतो.

५/
पायी फेरी नदीपासून सुरू करावी. गोदावरीकाठी नगीना घाट आहे. कोणा भक्ताने मौल्यवान रत्न अर्पण केले, गुरू गोविंदसिंहांनी ते नदीत टाकले आणि देणाऱ्याचा अभिमान उतरवला, अशी या घाटाची कथा. ती परंपरेची कथा आहे. तिला ताम्रपटासारखा आधार मागू नये. पण घाटाला नाव तिनेच दिले, हेही इतिहासाचेच तथ्य आहे.

६/
गुरू नांदेडला आले ते १७०८ साली. औरंगजेबानंतर गादीवर आलेला बहादूरशहा आपला भाऊ कामबक्ष याच्याविरुद्ध दक्षिणेत उतरला होता. त्या प्रवासात गुरू त्याच्यासोबत होते. बादशहाची छावणी पुढे हैदराबादेकडे गेली आणि १७०९ च्या आरंभी कामबक्षाचा शेवट झाला. गुरू मात्र गोदावरीकाठीच राहिले.

७/
याच काठावर माधोदास नावाच्या बैराग्याचा मठ होता. मूळचा जम्मूकडील राजौरीचा हा साधू गुरूंच्या भेटीनंतर बंदासिंह बहादूर झाला आणि पंजाबकडे निघाला. मे १७१० मध्ये त्याने सरहिंद घेतले. जून १७१६ मध्ये दिल्लीत त्याचा वध झाला. पंजाबच्या इतिहासाचे हे प्रकरण सुरू झाले ते नांदेडच्या वाळवंटात. आज ते ठिकाण बंदाघाट म्हणून ओळखले जाते.

८/
नांदेडातच मारेकऱ्याने गुरूंवर खंजिराचा वार केला आणि ७ ऑक्टोबर १७०८ रोजी त्यांनी देह ठेवला. त्याआधी त्यांनी देहधारी गुरूंची परंपरा थांबवून गुरुपद ग्रंथाला दिले. शिखांच्या पाच तख्तांपैकी एक नांदेडात आहे, त्याचे कारण हेच. पंजाबी मुलखापासून इतक्या दूर, एका मराठी नदीच्या काठी हा निर्णय झाला.

९/
आणि त्या ग्रंथात मराठी माणूस आधीच पोहोचलेला होता. संत नामदेवांची ६१ पदे गुरू ग्रंथसाहिबात आहेत. परंपरेने नामदेवांचे गाव मानले जाणारे नरसी शेजारच्या हिंगोली जिल्ह्यात आहे. चौदाव्या शतकात नामदेवांची वाणी उत्तरेकडे गेली, १६०४ साली ग्रंथात संकलित झाली आणि १७०८ साली गुरुपदाच्या रूपाने मराठवाड्यात परतली. हे सांगणारा वाटाड्या क्वचितच भेटतो.

१०/
घाटावरून गल्ल्या ओलांडत सचखंडापाशी यावे. आजची मुख्य वास्तू महाराजा रणजितसिंहांनी १८३२ ते १८३७ या काळात बांधवून घेतली. लाहोरच्या राज्याने निजामाच्या राज्यात केलेले हे बांधकाम. गुरूंच्या देहाला जिथे अग्नी दिला गेला, त्या जागेवरचा आतला भाग 'अंगीठासाहिब' म्हणून ओळखला जातो.

११/
त्याच सुमारास निजामाच्या चाकरीत शिखांची फौज आली. तिच्यातली आणि गुरुद्वाऱ्याच्या सेवेतली अनेक कुटुंबे दख्खनमध्येच स्थिरावली. त्यांचे वंशज म्हणजे दखनी शीख. घरात पंजाबी, बाजारात दखनी, कचेरीत मराठी, असा त्यांचा भाषाव्यवहार. अमृतसरहून आलेल्या यात्रेकरूला ते मराठवाड्याचे वाटतात आणि परगावच्या मराठी माणसाला पंजाबचे. पिढ्यान्‌पिढ्या नांदेडात राहूनही 'मूळचे कुठले?' हा प्रश्न त्यांच्या वाट्याला येतो.

१२/
इथले काही रिवाजही पंजाबहून वेगळे आहेत. शस्त्रांना चंदनाचा टिळा लावला जातो, संध्याकाळी दिव्यांनी आरती होते. दिवाळीच्या सुमारास तख्तस्नान असते. तेव्हा जुनी शस्त्रे गोदावरीच्या पाण्याने धुतली जातात. दसऱ्याला निशाण आणि घोडे घेऊन मिरवणूक निघते, ठरलेल्या ठिकाणी अरदास होते आणि जमाव 'हल्ला' करत धावत सुटतो. नांदेडकर मुलांना हा दसरा पंचांगाइतकाच पाठ असतो.

१३/
पण या भागातली सर्वांत महत्त्वाची गोष्ट बहुतेक नांदेडकर झोपेत असताना घडते. रोज मध्यरात्रीनंतर एक सेवक गागर घेऊन नदीवर जातो, गोदावरीचे पाणी भरतो आणि तख्ताच्या सेवेसाठी घेऊन येतो. त्याला 'गागरिया सिंघ' म्हणतात. पावसाळा असो वा कडाक्याची थंडी, ही खेप चुकत नाही. नदी ते तख्त ही वाट रोज एकदा तरी पायी चालली जाते.

१४/
जुनी वस्ती माहीतगारासोबत पायी पाहण्याच्या प्रथेला आज 'हेरिटेज वॉक' म्हणतात. तिचे शिस्तबद्ध रूप जपानात दिसते. एदो (आजचे टोकियो) आणि क्योतो यांना जोडणाऱ्या जुन्या डोंगरी मार्गावर त्सुमागो नावाचे मुक्कामाचे गाव आहे. रेल्वे दुसरीकडून गेली आणि गाव ओस पडू लागले. १९७१ साली रहिवाशांनी सनद केली: घरे विकायची नाहीत, भाड्याने द्यायची नाहीत, पाडायची नाहीत. तिथे विजेच्या तारा दिसू दिल्या नाहीत आणि दिवसा मुख्य गल्लीत मोटारी बंद केल्या.

१५/
१९७५ साली जपानने कायदा बदलून एकेका वास्तूऐवजी अख्ख्या जुन्या वस्तीला संरक्षण देण्याची सोय केली आणि पहिल्या यादीतच त्सुमागो आले. पण त्याच देशात दुसरीही रीत आहे. इसे येथील शिंतो देवस्थान दर २० वर्षांनी नव्या लाकडात पुन्हा बांधतात. २०१३ साली हे ६२ व्यांदा झाले. तिथे लाकूड जुने नसते. जुने असते ते बांधण्याचे ज्ञान आणि बांधण्याचा नेम.

१६/
जुन्या नांदेडला पहिल्या मापाने मोजले तर हाती निराशाच येते. दुसऱ्या मापाने मोजले तर हे शहर श्रीमंत ठरते. गागर बदलली असेल, रस्ता डांबरी झाला असेल, माणसे तर बदलणारच. खेप तीच आहे. म्हणून इथल्या वाटाड्याने 'ही भिंत किती जुनी?' याआधी 'हे काम किती जुने?' असे विचारायला शिकवले पाहिजे.

१७/
याचा अर्थ भिंती गेल्याचे दुःख मानू नये, असा नाही. २००८ साली गुरुतागद्दीचा त्रिशताब्दी सोहळा झाला. त्यानिमित्ताने विमानतळाचे नूतनीकरण झाले, रस्ते रुंद झाले, घाट नव्याने बांधले गेले आणि गुरुद्वाऱ्याभोवतीची दाट वस्ती हटवून परिसर मोकळा करण्यात आला. लाखो यात्रेकरू येणार असतील तर रुग्णवाहिका जाईल एवढी वाट हवीच. ही गरज खोटी नव्हती.

१८/
पण रुंदीकरणात घर जाते तेव्हा मोबदल्याच्या कागदावर फक्त क्षेत्रफळ येते. कोणत्या ओट्यावर कोण बसत असे, कोणत्या दारातून मिरवणूक पाहिली जाई, शेजारच्या घरात कोणती भाषा होती, याचा रकाना त्या कागदात नसतो. ते सांगू शकणारी पिढी आता सत्तरीच्या पुढे आहे. खरी घाई आहे ती इथे.

१९/
फेरीचा पुढचा टप्पा मोंढा. मराठवाड्यात शेतकऱ्याचे वर्ष मोंढ्यात मोजले जाई: अडत्याची गादी, हमालांच्या पाठीवरची पोती, तुरीचा आणि ज्वारीचा भाव. नवा मोंढा झाला तसा त्याला 'जुना' हे विशेषण लागले. तरीही मनोऱ्यापाशी 'जुना मोंढा' म्हटले की पत्ता लागतो. व्यापार हलला, पत्ता हलला नाही.

२०/
शेवटी किल्ला, म्हणजे नंदगिरी. तीन बाजूंनी गोदावरी आणि आत शहराच्या पाणीपुरवठ्याची व्यवस्था. किल्ल्यात पाण्याच्या टाक्या पाहून पाहुणा खट्टू होतो. पण नदीच्या वळणावर पहारा ठेवण्यासाठी निवडलेली जागा शहराला पाणी पाजण्याच्या कामी आली, हा उतार म्हणावा की बढती, यावर बुरुजावर उभे राहून वाद घालण्यात मौज आहे.

२१/
त्या बुरुजावरून नदी मात्र नीट पाहावी. शहराचे सांडपाणी नाल्यांतून तिच्यात उतरते आणि उन्हाळ्यात प्रवाह मंदावला की ते लपत नाही. घाट दगडी बांधता येतो, दिव्यांनी उजळता येतो. पण ज्या शहराचा सर्वांत जुना नेम नदीच्या पाण्यावर उभा आहे, तिथे वारसा जपण्याचे पहिले काम सांडपाणी शुद्ध करण्याचे आहे. रंगरंगोटी त्यानंतर.

२२/
नांदेडकरांनी पुढच्या पाहुण्याला निदान एक सकाळ पायी न्यावे: नगीना घाट, सचखंड, इतवारा, जुना मोंढा, किल्ला. सोबत एखादे शाळकरी मूल आणि त्याच गल्लीत वाढलेले एक वडीलधारे माणूस असावे. मुलाने वहीत तीन रकाने आखावेत: जागेचे नाव, ते कसे पडले, कोणी सांगितले. अशा दहा वह्या झाल्या तरी जुन्या नांदेडची पहिली मार्गदर्शिका तयार होईल.

(धागा समाप्त)