हिरवट जांभळा

अद्भुतकथेच्या लेखकाला नवा प्राणी घडवणे फारसे अवघड जात नाही. सिंहाचे धड, गरुडाचे पंख, माणसाचे तोंड अशी जुनी सामग्री त्याच्या हाताशी असते. रंगाचे तसे नाही. रंगाला अवयव नसतात, म्हणून त्याची जुळवाजुळव करता येत नाही. तो पाहिलेला असतो किंवा नसतो. त्यामुळे टेरी प्रॅचेट यांच्या ‘द कलर ऑफ मॅजिक’ (१९८३) या कादंबरीतील ‘ऑक्टरीन’ हा आठवा रंग वाचकाला पटतो कसा, हा प्रश्न वरवर वाटतो तितका किरकोळ नाही.

असा प्रयत्न पूर्वीही झालेला आहे. डेव्हिड लिंडसे यांच्या ‘अ व्हॉयेज टू आर्क्टुरस’मध्ये (१९२०) दुसऱ्या एका सूर्याच्या प्रकाशामुळे ‘जेल’ आणि ‘अल्फायर’ हे दोन नवे मूलरंग अस्तित्वात येतात. लिंडसे त्यांची ओळख भावांच्या भाषेत करून देतात: एकात तापातल्या स्वप्नाची कामुकता, दुसऱ्यात रानटी वेदना. विशेषणे जोरकस आहेत, पण ती पाहणाऱ्याच्या चित्तवृत्तीची आहेत. वाचकाच्या हाती भाव लागतो, रंग लागत नाही.

प्रॅचेट यांचे जग तबकडीसारखे सपाट आहे. चार हत्ती ते पेलतात आणि हत्ती एका महाकाय कासवाच्या पाठीवर उभे आहेत. तेथे आठ हा जादूचा अंक. तबकडीच्या कडेवरून कोसळणाऱ्या समुद्राच्या तुषारांत जे इंद्रधनुष्य उमटते त्यालाही आठ पट्टे असतात. (न्यूटनने वर्णपटाचे सात भाग स्वरसप्तकाच्या साम्यावरून ठरवले होते, तेव्हा आठव्याला हरकत घेण्याचे फारसे कारण नाही.) हा आठवा रंग जादूगारांना दिसतो. निवेदक प्रथम त्याचा भारदस्त गौरव करतो, त्याला सर्व रंगांचा राजा ठरवतो. इथवर सारे लिंडसे यांच्याच वाटेने चालते. मग रिन्सविंड या नालायक जादूगाराचे मत येते: त्याला तो रंग नेहमी काहीसा हिरवट जांभळाच वाटत आला आहे.

ऑक्टरीन सिद्ध होतो तो इथे. न पाहिलेल्या वस्तूविषयी माणूस हरखून जाऊ शकतो. हिरमुसतो तो पाहिलेल्या वस्तूविषयीच. विनोद म्हणून हे वाक्य बाजूला सारणारी समीक्षा कादंबरीतला सर्वांत गंभीर क्षण हुकवते.

शिवाय ‘हिरवट जांभळा’ हे दिसायला साधे विशेषण भलतेच बिकट आहे. एवाल्ड हेरिंग यांनी एकोणिसाव्या शतकात मांडल्याप्रमाणे तांबडा आणि हिरवा हे परस्परविरोधी वर्ण आहेत. एकाच बिंदूवर दोन्ही जाणवत नाहीत. जांभळ्यात तांबडा असतोच. म्हणजे व्याकरणाला जे चालते ते डोळ्याला चालत नाही. मराठीत आणखी एक पेच आहे. अबोली, नारिंगी, मोरपंखी, जांभळा अशा कितीतरी नावांना वस्तू चिकटलेल्या आहेत. ‘हिरवट जांभळा’ म्हणताच अर्धवट पिकलेले जांभूळ समोर येते, तेही जिभेवरच्या तुरटपणासह. पण त्या फळावर हिरवा एका बाजूला असतो आणि जांभळा दुसऱ्या. ऑक्टरीनला दोन्ही एकाच जागी हवेत. अनुवादकाला वाचकाकडून आधी ते फळ विसरवून घ्यावे लागेल.

रिन्सविंडला विद्यापीठातून हाकलून दिलेले आहे. एक भलामोठा मंत्र त्याच्या डोक्यात अडकून बसल्याने दुसरा कोणताही तेथे टिकत नाही. काहीच करता न येणाऱ्या या माणसाचे जादूगारपण उरते ते केवळ पाहण्यात. राजशेखराने प्रतिभेचे कारयित्री आणि भावयित्री असे दोन भेद केले. त्यांतली पहिली रिन्सविंडजवळ नावालाही नाही. भावकांचे प्रकार सांगताना राजशेखराने अरोचकीलाही, म्हणजे सहजी काही न रुचणाऱ्यालाही, जागा दिली आहे. मात्र राजा म्हणून गौरवलेला रंग डोळ्यांना बेताचाच वाटला, तर अरोचकीने ते कोणाला सांगावे? रिन्सविंड ते मनातच ठेवतो. एरवीही त्याला बहुतेक वेळ पळायचेच असते.