चितळकरांची चाल

‘अलबेला’मधली अंगाई माझ्या मायला तोंडपाठ होती, पण ‘अलबेला’ तिनं कधी पाहिला नव्हता. 1951 साली सिनेमा आला तेव्हा घाटनांदूरला थेटर कुठलं? जत्रेतल्या तंबूतून, कुणाच्या रेडिओवरून, नाहीतर मोठ्या गावाहून आलेल्या एखाद्या माहेरवाशिणीच्या तोंडून ते गाणं तिच्यापर्यंत आलं असणार. हिंदी शब्द ती आपल्या जिभेला जमतील तसे वळवून घ्यायची. एखादी ओळ आठवली नाही तर तिथं आम्हा भावंडांची नावं घालायची. चाल मात्र जागची हलायची नाही. उन्हाळ्यात माळवदावर वाकळा टाकून आम्ही पडलेलो असायचो, परळीकडं जाणारी गाडी स्टेशनात शिटी द्यायची आणि ती पार निघून जाईपर्यंत माय थांबायची. मग पुन्हा तिथूनच उचलायची.

पुढं तीच गाणी लग्नाच्या वरातीत भेटली. बँडवाल्यांना ‘अलबेला’ वाजवायला सांगावं लागत नसे. क्लॅरिनेटवाल्यानं पहिली फूक मारली की त्या सिनेमातल्या भगवानदादांच्या ढंगानं पोरं नाचायला लागायची. ‘अनारकली’ची एक चाल तर मी आधी देवळातच ऐकली, तीही अभंगाला लावलेली. सप्त्यातली जुनी वारकरी मंडळी यावर नाक मुरडायची, आणि त्यांचंही बरोबरच होतं. संप्रदायाच्या चालींचा मान वेगळा. पण रात्रीच्या भजनात डोळे जड व्हायला लागले की आमचे बुवा हळूच ती चाल धरायचे आणि पेंगणारी माणसं सावरून बसायची.

पेटी मी याच बुवांकडं शिकलो. त्यांची पट्टी पांढरी पाच. पेटी जुनी, भात्याला एका कोपऱ्यात चामड्याचं ठिगळ लावलेलं, त्यामुळं डावा हात जरा घाईनं चालवावा लागे. ‘आझाद’मधलं बागेश्रीतलं राधेचं गाणं मी स्वरांत बसवलं आणि बुवांना वाजवून दाखवलं. कोमल गंधार, कोमल निषाद, सगळं जागच्या जागी होतं. बुवा म्हणाले, “पट्ट्या बरोबर दाबल्यास. आता म्हणून दाखव.” म्हणायला गेलो तर दोन स्वरांच्या मधली जागा सापडेना. चाल ऐकताना वाटतं, ही कुणीही म्हणावी. म्हणायला घेतली की कळतं, तिच्या आत किती काम करून ठेवलंय. माझ्या मायसारखी कधी गाणं न शिकलेली बाईही ती घेऊन चालू शकते आणि पेटीवर बसलेला माणूसही तिच्यापुढं अडतो, हे एकाच चालीत साधणं फार थोड्यांना जमलं. या सगळ्या गाण्यांचे संगीतकार सी. रामचंद्र त्यांतले पहिल्या रांगेतले, असं माझं ठाम मत आहे.

रामचंद्र नरहर चितळकर हे त्यांचं पूर्ण नाव. जन्म 12 जानेवारी 1918, नगर जिल्ह्यातल्या पुणतांब्याचा. नागपुरात शंकरराव सप्रे आणि पुण्यात विनायकबुवा पटवर्धन यांच्याकडं गाणं शिकले. ‘नागानंद’ चित्रपटात नायक झाले, तो पडला. मग सोहराब मोदींच्या मिनर्व्हा मूव्हीटोनमध्ये पेटी वाजवली, लहानसहान भूमिका केल्या. संगीतकार म्हणून पहिली संधी दिली ती तमिळ चित्रपटांनी. हिंदीत ‘सुखी जीवन’ 1942 साली आला, तो भगवानदादांचा. दोघांची दोस्ती पुढं ‘अलबेला’पर्यंत गेली.

‘शहनाई’ 15 ऑगस्ट 1947 ला झळकला. देशभर त्यातल्या रविवारच्या गाण्यावर लोक डोलत होते तेव्हा आमच्या मुलखावर निजामाचा अंमल होता. इकडं स्वातंत्र्य यायला 17 सप्टेंबर 1948 उजाडावा लागला. त्या गाण्यातलं पाश्चात्त्य वळण अनेकांना रुचलं नाही. मला ते प्रिय आहे. ‘अलबेला’त त्यांनी गोव्याच्या हळदोण्याचा ट्रम्पेटवाला चिक चॉकलेट सोबत घेतला, बोंगो आणला, सॅक्सोफोन आणला आणि त्याच चित्रपटात माझ्या मायची अंगाईही ठेवली. एका हातानं जॅझ आणि दुसऱ्या हातानं पाळण्याची दोरी, अशी त्यांची रीत. ‘आझाद’च्या निर्मात्याला महिनाभरात सगळी गाणी हवी होती. नौशादांनी नकार दिला, चितळकरांनी ते काम घेतलं. ती गाणी ऐकताना ही घाई कुठं जाणवते का ते बघा. मला आजवर जाणवली नाही.

अंगाईतला लताबाईंच्या जोडीचा पुरुषी आवाजही त्यांचाच. ‘आझाद’मधलं त्यांचं युगुलगीत तर आजही कितीतरी लोक तलत महमूदचं समजून ऐकतात. गाताना ते चितळकर व्हायचे, संगीत देताना सी. रामचंद्र, काही चित्रपटांत अण्णासाहेब. इतक्या नावांत माणूस वाटला गेला आणि लोकांच्या ध्यानात चाल तेवढी राहिली.

5 जानेवारी 1982 ला ते गेले तेव्हा मी अंबाजोगाईला कॉलेजात होतो. मेसमधल्या पेपरात बातमी वाचली आणि गावी येऊन मायला सांगितली. “कोण?” तिनं विचारलं. मी अंगाईची पहिली ओळ म्हटली. ती हातातलं काम ठेवून बसली. “हे माणसानं केलंय व्हय?” एवढंच म्हणाली. त्या गाण्याला कुणी कर्ता असेल, हे तिच्या मनात कधी आलंच नव्हतं. लोकगीताची जागा मिळणं हा संगीतकाराचा मोठा मान आहे, हे खरं. पण त्या दिवशी मला तो मान अपुरा वाटला. मग मी त्यांचं ‘माझ्या जीवनाची सरगम’ हे आत्मचरित्र मिळवलं आणि मायला वाचून दाखवलं.

पुढं शिर्डीला जाताना मनमाडहून खाली कोपरगाव मागे पडलं आणि पुणतांब्याची पाटी दिसली. चांगदेवांच्या समाधीचं गाव, गोदावरीकाठचं. हीच गोदावरी पुढं आमच्या बीड जिल्ह्याच्या उत्तर अंगानं वाहते. रुळाच्या दोन्ही अंगांना ऊस उभा होता, फडाच्या कडेला कोप्या होत्या. या भागातल्या कारखान्यांवर आमच्या जिल्ह्यातल्या ऊसतोडीच्या टोळ्या दरसाल उचल घेऊन येतात. पहाटे फडात उतरायच्या आधी एखादी बाई कोपीत तान्ह्याला निजवत असेल, आणि कुणी सांगावं, तिच्याही तोंडी तीच चाल असेल.

27 जानेवारी 1963 ला दिल्लीच्या नॅशनल स्टेडियमवर, पंडित नेहरूंच्या समोर, चीनच्या युद्धात पडलेल्या जवानांवरचं गाणं लताबाईंनी गायलं. शब्द कवी प्रदीप यांचे, चाल पुणतांब्याच्या चितळकरांची. दर 15 ऑगस्टला आणि 26 जानेवारीला आमच्या शाळेच्या मैदानावर ते लागतं. माइकवरून गायिकेचं नाव सांगतात, कवीचंही सांगतात, आणि तिथंच थांबतात. गावोगावच्या गुरुजींना आणि बाईंना माझी हात जोडून विनंती आहे. येत्या 26 जानेवारीला तिसरं नावही घ्या: संगीतकार सी. रामचंद्र.